पुढच्या रांगेतली खुर्ची

आमच्या घरात सगळ्यात बेसूर कोण, यावर कधी वाद झाला नाही. आई. भांडी घासताना ती गुणगुणायला लागली की ताई म्हणायची, "आई, नळ बंद कर आणि तूही बंद हो." आई हसायची आणि आणखी मोठ्यानं गायची. ताईला आणि मला पप्पांचा गळा मिळाला होता. माझी जिवणी मात्र थेट आईची, ओठ जाड आणि खालचा जरासा पुढे. नात्यातल्या बायका मला बघितलं की "अगदी आईचं तोंड" म्हणायच्या आणि मला राग यायचा. कॉलेजात जाणाऱ्या मुलीला आईसारखं दिसण्यात काय आनंद असणार?

पप्पा महाळुंग्याला एका कंपनीत प्रेस शॉपमध्ये कामाला होते. दिवसभर पत्रा मशिनीखाली घालायचा, मशीन दणकन खाली यायची, तयार झालेला भाग बाजूला टाकायचा. पहाटे दापोडीच्या नाक्यावरून कंपनीची बस पकडायची आणि ओव्हरटाइम असला की पार अंधार पडल्यावर परत यायचं. पण सुट्टीच्या दिवशी त्यांच्या मांडीवर ढोलकी असायची. आमच्या गल्लीतल्या गायन पार्टीचे ते ढोलकीवाले. जयंती असो, नामकरण असो, विहारातला कार्यक्रम असो, पार्टी गेली की पप्पा गेलेच. आम्हा दोघींना त्यांनीच गाणं शिकवलं, आणि आधी ठेका शिकवला. गप्प बसून ठेका धरता येईपर्यंत तोंड उघडू द्यायचे नाहीत. मी अधीर होते, मला सगळं लगेच हवं असायचं. मी ओळ मध्येच सुरू केली की ते ढोलकी थांबवून माझ्याकडे नुसतं बघायचे. एवढं पुरायचं.

पप्पांचे कान कधी गेले हे आम्हाला नेमकं सांगता येणार नाही. आधी टीव्हीचा आवाज वाढला. मग ते स्वतःच मोठ्यानं बोलायला लागले आणि शेजारच्यांना वाटायचं आमच्याकडे भांडण चाललंय. कंपनीनं कानात घालायला प्लग दिले होते, पण ते खिशात. "ते घातल्यावर मशिनीचा आवाज बदललेला कळत नाही," म्हणायचे, "आवाज बदलला की समजायचं आता ही हात खाणार." हात वाचले, कान गेले. एकदा मागून येणाऱ्या फोर्कलिफ्टचा हॉर्न त्यांना ऐकू आला नाही. कुणाला लागलं नाही, पण दुसऱ्या दिवशी ठेकेदारानं सांगितलं, काका, उद्यापासून येऊ नका. डॉक्टर म्हणाले, आतली नस गेली आहे. कानाचं मशीन लावून बघितलं. त्यातून पप्पांना नुसता गलबला ऐकू यायचा. ते मशीन आजही टीव्हीखालच्या खणात पडलं आहे.

त्यानंतर पप्पा कॉटवर भिंतीला टेकून बसायला लागले. ढोलकी चादरीत गुंडाळून कपाटावर गेली. ऐकू येत नाही म्हटल्यावर माणूस हळूहळू बोलायचंही कमी करतो, हे मला तेव्हा कळलं. जेवताना "भाजी घे" एवढंसुद्धा ते बोलेनात. मला त्या शांततेची भीती वाटायची. आई शिवणकाम करायची, ताई रहाटणीला एका कपड्यांच्या दुकानात लागली, घर चाललं असतं. पण पप्पा आमच्या डोळ्यांदेखत संपत चालले होते आणि कुणी काही करत नव्हतं.

आमचं घर रेल्वे लाइनला अगदी लागून. गाडी गेली की कॉट थरथरते. एक दिवस दुपारी पप्पा भिंतीकडे तोंड करून पडले होते आणि न वळता म्हणाले, "लोणावळा गेली." खरंच लोणावळा लोकल गेली होती. ताईनं माझ्याकडे बघितलं. तिच्या डोक्यात काय आलं ते तिनं सांगायच्या आत मला कळलं.

पार्टीचे पेटीवाले मास्तर बरेच दिवस आमच्या मागे होते, की तुम्ही दोघी बहिणी आमच्यात गायला या. ताई त्यांच्याकडे गेली आणि म्हणाली, येतो, पण ढोलकी पप्पांची.

मास्तर अवघडले. "पोरी, तुझ्या बापाचा हात मला माहिताय. पण कानच नाही, तर ठेका धरायचा कशानं?"

"एकदा बघा तरी, काका," ताई म्हणाली.

आमची युक्ती साधी होती. मांडववाले स्टेज बांधतात ते लोखंडी घोड्यांवर फळ्या टाकून. गाणाऱ्या पुढे माइकपाशी उभ्या, वाजवणारे मागे बसलेले, म्हणजे पप्पांना आमच्या पाठीच दिसणार. पण फळी एकच. ताईनं समेवर टाच आपटायची, फळी हलणार, पप्पांच्या मांडीला ठेका कळणार. गाणी तर त्यांना सगळी पाठ होतीच. घरी कॉटवर आम्ही सराव केला. आई ओट्याशी उभी राहून बघत होती. पप्पा आधी नको म्हणाले, मग चिडले, आणि मग त्यांनी ढोलकीच्या कड्या ओढून ती कसायला घेतली. कान नसताना ते ढोलकी कसत होते, बोटानं कातडं दाबून बघत होते. मी घराबाहेर जाऊन रडून घेतलं.

पहिला कार्यक्रम आमच्याच गल्लीत जयंतीचा. मास्तरांनी सूर धरला, ताईची टाच पडली आणि मागून पप्पांची ढोलकी आली, अगदी जागेवर. मला गाता गाता हुंदका आला आणि एक ओळ सुटली. ताईनं ती उचलली. घरी येताना पप्पा पूर्वीसारखे मोठमोठ्यानं बोलत होते, आणि शेजाऱ्यांना काय वाटेल याची आम्हाला पर्वा नव्हती. त्यानंतर आम्ही चाकणपासून सांगवीपर्यंत कुठे कुठे गायलो. घराला हातभार लागला, पण आमच्या दृष्टीनं तो जोडधंदा होता. खरी कमाई मागे ढोलकी घेऊन बसलेली असायची. ताईच्या टाचेला भेगा पडल्या आणि ती त्या मिरवायची. आमच्या युक्तीचा आम्हाला भारी गर्व.

आई प्रत्येक कार्यक्रमाला यायची. तिची तऱ्हाच वेगळी. सगळ्यांच्या आधी जाऊन पुढच्या रांगेतल्या मधल्या खुर्चीवर पर्स ठेवून द्यायची. एकदा तर त्या खुर्चीसाठी ती कार्यक्रम ठेवणाऱ्यांच्या आत्याशी भांडली. आम्हाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. शिवाय जन्मात कधी पावडर न लावलेल्या या बाईनं पिंपरीच्या बाजारातून गडद लाल लिपस्टिक आणली आणि ती लावून बसायला लागली. आम्ही किती चिडवलं तिला. "आई, कार्यक्रम आमचा आहे, तुझा नाही." आणि गाणं सुरू झालं की हिचे ओठ हलणार. तेही गाण्याबरोबर नाही, गाण्याच्या पुढे. आम्ही मुखड्याला पोचायच्या आत हिनं तो म्हणून टाकलेला.

"आई, तुला कुठली गाडी गाठायची असते?" मी विचारायचे.

"माझं असंच आहे बाई," ती म्हणायची, "सूर नाही आणि ताल नाही."

एकदा रहाटणीला एका हॉलमध्ये कार्यक्रम होता. आत गेलो आणि ताई जागच्या जागी थांबली. स्टेज सिमेंटचं, वर जाड गालिचा. टाच आपटून बघितली तर कापूस तुडवल्यासारखं. मास्तरांना सांगावं तर ते पप्पांना उतरवतील. आम्ही घाबरत सुरुवात केली, आणि पप्पांनी सगळा कार्यक्रम वाजवला. कुठे चुकले नाहीत. नंतर ताईनं त्यांना हातानं खुणा करून विचारलं, फळी नव्हती, कसं जमलं?

"सवय झालीय आता," पप्पा म्हणाले.

आम्हाला ते पटलं. रिक्षात आई पदरानं ओठ पुसत बसली होती.

पुढच्या पावसाळ्यात आईला डेंग्यू झाला. साधा ताप म्हणून आम्ही अंगावर काढू दिला नव्हता, लगेच दवाखान्यात नेलं होतं, सगळं केलं होतं. तरी ती गेली. यापेक्षा जास्त मला अजून लिहिता येत नाही.

पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला गाणी ठेवायची का, यावर नातेवाइकांत कुजबुज चालली होती. पप्पांना ती ऐकू आली नाही, पण चेहरे वाचता येत होते. ते म्हणाले, "तिला गाणं लागायचं. मी वाजवणार." आईच्या जाण्यानंतरचं त्यांचं ते पहिलं सरळ वाक्य.

गल्लीतच मांडव घातला. फळ्यांचं स्टेज, आम्ही सगळे पांढऱ्या कपड्यांत. त्रिशरण-पंचशील झालं, माणसं आईबद्दल बोलली. मग मास्तरांनी पेटी उघडली, ताईनं टाच आपटली.

ढोलकी आली नाही.

ताईनं पुन्हा आपटली, जोरात. फळी माझ्या पायाखाली हलली, म्हणजे पप्पांच्याही मांडीखाली हललीच असणार. मी वळून बघितलं. पप्पांचे दोन्ही हात ढोलकीवर तयार होते आणि नजर आम्हा दोघींच्या मधून समोर, मांडवात. पुढच्या रांगेत. लोकांनी मान ठेवून मधली खुर्ची रिकामी सोडली होती. ते त्या रिकाम्या खुर्चीकडे बघत होते आणि त्यांच्या चेहऱ्यावर दुःखाच्याही आधी जे होतं तो गोंधळ होता. कुठून सुरू करायचं ते त्यांना कळत नव्हतं.

सगळं मला एका क्षणात कळलं. पर्स ठेवून धरलेली खुर्ची, आत्याशी झालेलं भांडण, लाल ओठ, गाण्याच्या पुढे धावणारी आई. आमच्या टाचेवर काहीच चाललेलं नव्हतं. फळीवरून सगळ्यांचेच पाय जातात, पेटीचा भाता हलतो, झांजवाला हलतो. त्यातून गाण्याची ओळ कशी कळणार होती? ती ओळ आई त्यांना ओठांनी सांगत होती, पहिल्या दिवसापासून. आणि आमचं मन मोडू नये म्हणून दोघांनी आम्हाला आमच्या युक्तीचा गर्व करू दिला होता.

मास्तर पेटीवर तोच सूर धरून थांबले होते. मागे कुणीतरी म्हणालं, राहू द्या आता, त्यांना उतरवा. त्या दिवशी उतरवलं असतं तर ढोलकी परत कपाटावर गेली असती आणि पप्पा भिंतीकडे तोंड करून झोपले असते. मी माइक ठेवला, स्टेजवरून उतरले आणि आईच्या खुर्चीवर जाऊन बसले. पप्पांकडे तोंड करून मी पहिली ओळ म्हटली, आवाज न काढता, ओठांनी. ताईनं गाणं उचललं. पप्पांनी डोळे बारीक केले, जरा पुढे वाकले, आणि ढोलकी आली. अर्धी मात्रा मागे, पण आली. सगळा मांडव रडत होता. मला रडता येत नव्हतं. ओठ थरथरले असते तर त्यांना शब्द कळले नसते.

घरी आल्यावर ते माझ्याजवळ बसले आणि म्हणाले, "लांबून नीट दिसत नव्हते. तुझी आई लिपस्टिक लावायची."

मी आईची पर्स उघडली. लिपस्टिक निम्मी संपली होती.

आता प्रत्येक कार्यक्रमाला मी आधी जाऊन मधल्या खुर्चीवर पर्स ठेवते. गरज पडली तर भांडते, ते मला आईपेक्षा चांगलं जमतं. ताईच्या जोडीला मास्तरांनी दुसरी मुलगी घेतली, बरी गाते. सुरुवातीला मी खालून हळू आवाजात गाऊन बघितलं. जमत नाही. ओठ गाण्याच्या जरा पुढे न्यावे लागतात, तरच ढोलकी वेळेवर पोचते, आणि तसं गायलं तर सगळं गाणं विस्कटतं. तेव्हा आवाज बंद. ताई एक-दोनदा म्हणाली, आळीपाळीनं बसू. पण तिचे ओठ पप्पांसारखे पातळ आहेत, स्टेजवरून दिसत नाहीत. आम्ही करून बघितलं. मला गाणं फार आवडायचं, हे मी कुणाला सांगत नाही. ताई अंतरा घेते तेव्हा माझा सूर घशाशी येतो आणि मी तो गिळते. शेजारच्या बाया विचारतात, तुम्हाला सगळी गाणी येतात, मग गात का नाही?

परवा चाकणला कार्यक्रम झाला. रिक्षात मी रुमालानं ओठ पुसत होते. पप्पा मांडीवर ढोलकी घेऊन बाजूला बसले होते, खुशीत होते. माझ्या डोक्यावर हात ठेवून नेहमीसारखं मोठ्यानं म्हणाले, "आज फार छान गायलीस."

मी मान हलवली.