कोर्टात अडकलेल्या चादरी

पिरनवाडीचे आमचे लाँड्रीवाले अण्णा कुणाच्याही घरी गेले, की बसायच्या आधी पडद्याची कड दोन बोटांत चोळून बघतात. बसले, की त्यांचा पाय हलत राहतो. सरकारी दवाखान्याच्या चादरी धुण्याचं टेंडर त्यांना मिळालं आणि महिन्याभरात कारण न देता रद्द झालं. अण्णा थेट धारवाडला हायकोर्टात गेले. तेव्हापासून तारखा पडतायत आणि पाय हलतोय.

वकिलांनी बजावलं होतं, "निकालापर्यंत दवाखान्याची पायरी चढू नका. एक तक्रार झाली, तर केस बिघडेल."

आणि परवा त्याच दवाखान्यात माझं अपेंडिक्स काढलं, तर अण्णा शहाळं घेऊन वॉर्डात हजर! माझी तब्येत विचारायच्या आधी त्यांनी माझी चादर चोळली.

"कुणी धुतलीय रं ही? साबण तसाच हाय. सरक!"

"अण्णा, टाके हायत! आणि तुमची केस?"

"केस जाऊ दे खड्ड्यात. तू ह्यावर निजायचं न्हाय."

मला कुशीवर लोटून त्यांनी चादर ओढली, पिशवीत कोंबली आणि नर्सची नजर चुकवून पसार झाले.

दुसऱ्या दिवशी ती कडक इस्त्री होऊन आली. माझ्याखाली नीट अंथरून अण्णा शेजारच्या खाटेकडे वळले.

"आप्पा, जरा उठता काय?"