काकांनी विचारलेला शेवटचा शब्द

काका गेल्याचा फोन आला तेव्हा मी नवा रायपूरच्या बसमध्ये होते. रडू नंतर आलं. आधी मनात आलं... खरं सांगायचं राहूनच गेलं.

काका म्हणजे वडिलांचे धाकटे भाऊ, रेल्वेत कारकून, राहायला रायपुरातच, गुढियारी भागात. रायपूर छत्तीसगडची राजधानी झालं आणि घरातली आम्ही पोरं सरकारी नोकरीच्या मागे लागलो, तेव्हा त्यांनी आम्हाला इंग्रजी शिकवायचा चंग बांधला. तोही आपल्याच तऱ्हेनं. रोज एक दुर्मीळ शब्द. आधी उच्चार, मग अर्थ, मगच चहा. पोटातल्या गुडगुडीला 'बॉर्बरिग्मस' म्हणतात हे आम्ही उपाशीपोटी शिकलो. एकदा चुलतभावाला अर्थ आला नाही; त्याला एकट्यालाच बोलणी बसू नयेत म्हणून मीही येत असलेला अर्थ सांगितला नाही. काकांनी लगेच ओळखलं. "मालूम नसन तर लाज नाही, पोट्टी. मालूम असून लपवशील, तर माझ्यासंग बोलू नको." आठवडाभर अबोला! महाहट्टी माणूस.

यंदा उन्हाळ्यात ते झपाट्यानं वाळले. दवाखान्याच्या कागदावर एक शब्द होता, 'कॅकेक्सिया'. मी बाहेरच मोबाइलवर अर्थ पाहिला होता. मोठ्या आजारात शरीर झिजत जातं, खाल्लेलंही अंगी लागत नाही, ती अवस्था. घरी आल्यावर काकांनी कागद मागून घेतला, चष्मा लावला. बोट नेमकं तिथेच थांबलं.

"उच्चार?"

"कॅकेक्सिया."

"अर्थ?"

काकू वरणभाताचं ताट घेऊन दारात उभी होती. मी ताटाकडे पाहिलं.

"मालूम नाही, काका."

कागदाची घडी घालून ते म्हणाले, "जाय आता. तुझी बस सुटून जाईन." पाच दिवसांनी ते गेले. माझ्यावर रागावूनच गेले, असं मी धरून चालले.

महिन्याभरानं काकूजवळ सगळं ओकून टाकलं. ती म्हणाली, "त्याईले अर्थ मालूम होता. मले आधीच सांगतला होता."

"मग मले काहून विचारलं?"

"मी तर नुसती रडून राहिली होती. कोणासंग तरी त्याच्यावर बोलाचं होतं त्याईले."

काकूनं उशाखालून एक पाकीट काढलं. तिच्या स्वतःच्या तपासणीचा रिपोर्ट होता, आठवड्यापासून तसाच ठेवलेला.

"काय लिहिलं हाये ते सांग," ती म्हणाली. "सगळं सांग."

मी पलंगावर, काकांच्या जागी बसले आणि वाचायला लागले.