चित्रातले कुंकू

चिताऱ्याच्या कुंचल्याला माणसाचे पुढचे दिसते, असे माझे वडील मरेपर्यंत सांगत. हे त्यांना कसे कळले, ते मी जवळून पाहिले आहे.

जुन्नरचा तो चितारी हातकागद करणाऱ्या मुसलमान घराण्यातला. गिरणीच्या कागदाने धंदा बसवला तेव्हा तो फोटोंकडे वळला. जत्रेत फोटो काढणारे आगाऊ पैसे घेत आणि पसार होत. त्यांचे न पोचलेले फोटो पुढे जुन्या बाजारात रद्दीत निघत. हा ते उचलायचा, रंगवायचा आणि गावोगाव हिंडून ज्याचे त्याला विकायचा.

प्लेगमुळे आम्ही नारायणगाव सोडून वारूळवाडीच्या शिवारात झोपड्या घातल्या होत्या. थोरले काका मुंबईला गेलेले. तिथेही प्लेग, आणि त्यांचा निरोप नाही. अशात चितारी ओझरच्या जत्रेतला काका-काकूंचा फोटो घेऊन आला. काकूचे लुगडे हिरवे, नथ पिवळी, काकांचे पागोटे लालभडक. वडिलांनी हौसेने घेतला. चितारी पुढच्या गावाला गेला आणि मग शेजारीण म्हणाली, "भाऊ, हिच्या कपाळाला कुंकू न्हाई."

खरेच नव्हते. कपाळावरून गव्हाळ रंगाचा सफाईदार हात फिरला होता.

वडिलांनी फोटो कुडाकडे तोंड करून ठेवला. "कुंचल्याला कळतं," ते म्हणाले.

मी पुण्याला शिकून आलेला. म्हणालो, "कुंचला खारीच्या शेपटीचा असतो."

"खारीला लई कळतं."

रोज सकाळी काकू कुंकू लावी, आणि ते रोज थोडे मोठे होई. चैत्रात झोपड्यांतूनही हळदीकुंकू झाले. तिला बोलावणे आले नाही. कासारीण आली, तिने बाकीच्या बायकांना बांगड्या भरल्या, काकूकडे एकदा पाहिले आणि टोपली उचलली. कोणी काही ठरवले नव्हते, तरी सगळे ठरल्यासारखे वागत होते.

शेवटी वडीलच म्हणाले, "वैनी, किती दिस थांबायचं? लोक बोलत्यात."

"बोलू द्या, भावजी," काकू चुलीपुढूनच म्हणाली. "फोटोतलं त्यानं पुसलं. माझं मी पुसणार न्हाई."

त्यानंतर घरात तिच्याशी कोणी मोठ्याने बोलेनासे झाले.

वैशाखात एका दुपारी काका चालत आले. वाटेत त्यांना प्लेगच्या छावणीत अडकवून ठेवले होते. काकूने पाणी दिले, आत गेली आणि बराच वेळ बाहेर आली नाही. काकांनी कुडाकडचा फोटो सुलटा केला आणि कपाळाला आठ्या घातल्या.

"हे तांबडं पागोटं कुणाचं?"

त्यांनी जन्मभर पांढरेच घातले होते.

पुढे चितारी जुन्नरच्या बाजारात भेटला, तेव्हा मी कुंकवाचे विचारले.

"पांढऱ्या पागोट्याला गिऱ्हाईक न्हाई, राव," तो म्हणाला. "आन् कुंकू मी शेवटाला लावतो. तवर तांबडा रंग संपला."