भाऊजींचा पेचरोग

माझा स्वभाव मुलखाचा संशयी. दूधवाला जरा जास्त हसला तरी मी आधी दुधात बोट घालून बघते. त्यामुळं भाऊजींनी पेचरोगाचा शोध लावला तेव्हा सगळं घर कौतुक करत होतं आणि मी एकटी नाक मुरडत होते.

भाऊजी म्हणजे माझे धाकटे दीर, कडेगावकडच्या एका शाळेत गणिताचे मास्तर. त्यांचं म्हणणं असं, की ज्या बोलण्यातनं बाहेर पडायला वाटच नसते, ते माणसाच्या अंगात अडकून बसतं आणि तिथं आजार धरतो. 'भिंतीवर काही लिहू नये' असं भिंतीवरच लिहिणाऱ्या पेंटरच्या अंगावर पित्त उठलं. शेजारची सासू सुनेला म्हणाली, "माझं काय बी ऐकू नगंस," आणि सून अर्धशिशीनं आडवी झाली, कारण ऐकलं तरी चूक, न ऐकलं तरी चूक. असे सगळे रोगी त्यांच्या वहीत होते. "पेंटरनं आदल्या दिवशी सुकट किती चापली, ते बी लिवा की!" मी म्हणायची. माझे मालक फौजेतनं हवालदार होऊन आलेले. ते नुसते हसायचे.

गेल्या वर्षी लेकीच्या स्थळाचा कौल लावायला आम्ही तिघं गावच्या देवीला गेलो. गुरव देवीच्या दोन्ही खांद्यांना ओल्या कळ्या चिकटवतो. उजवी पडली तर होय, डावी पडली तर नाही. स्थळाला उजवी मिळाली. गप घरी यायचं की नाही? पण भाऊजी मालकांच्या कानाशी लागले, आणि मालकांनी हसत हसत देवीला विचारलं, "आई, आता तू डावा कौल देणार का?"

म्हणजे उजवी पडली तर डावा देते म्हणून उजवा दिला, आणि डावी पडली तर देत नाही म्हणून दिला. देवीनं करावं काय? कळ्या पडेनात. गुरवाचं तोंड उतरलं. दहा मिनिटांत मालकांचा उजवा हात लुळा पडला आणि तोंड वाकडं झालं.

भाऊजी पांढरेफटक पडले. "वहिनी, थांबा, सरळ प्रश्न लावून पेच सोडवतो!" म्हणत गुरवाचे पाय धरायला लागले.

"मसणात गेला तुमचा पेच! आधी गाडी काढा!"

सांगलीत डॉक्टरांनी मेंदूत रक्ताची गुठळी अडकल्याचं सांगितलं. पण पहिलं विचारलं ते हे, की त्रास नक्की कधी सुरू झाला, सकाळी काही जाणवलं होतं का; गुठळीचं औषध त्या वेळेवरच ठरतं म्हणे. मी म्हणाले, "न्हाई. देवळातच."

मालक वाचले, पण वाचा गेली आणि उजवा हात गेला. भाऊजी रोज शाळा सुटली की येतात आणि तेल लावून तो हात चोळतात. वही त्यांनी कधीच बंबात घातली. आता त्यांच्यापुढं एकच रोगी. "माझ्यामुळं झालं, वहिनी," रोज तेच. परवा म्हणाले, राजीनामा लिहिलाय, पोरांना साधं गणित घालायला जीभ उचलत नाही.

आता खरं सांगते. त्या दिवशी सकाळी सातलाच मालकांच्या हातातनं कप पडला होता. शर्टाची बटणं लागेनात, बोलणं जड झालेलं. मला वाटलं, सोडलेली दारू चोरून परत सुरू केली. मी त्यांचं तोंड हुंगलं. वास नव्हता, तरी माझा संशय काही जाईना. "लेकीच्या कामाला जायचं आणि लाज न्हाई वाटत?" म्हणत बटणं मीच लावली आणि दातओठ खात त्यांना गाडीत बसवलं. देवळात पोचेपर्यंत बोलणं जरा सुटलं, म्हणून भाऊजींच्या ध्यानात काही आलं नाही. डॉक्टरांपुढं हे सगळं ओठांवर आलं होतं, ते मी गिळलं. भाऊजी दोष अंगावर घेत होते. मी घेऊ दिला, वर्षभर त्यांना चहा देत देत घेऊ दिला. माझी मलाच किळस येते.

राजीनाम्याचं ऐकून मात्र राहवलं नाही. मालकांसमोरच सगळं सांगून टाकलं. "मी डॉक्टरांना खोटं सांगितलं, भाऊजी. तुमचा काय बी दोष न्हाई."

भाऊजींनी हात चोळायचा थांबवला. "खोटं तेव्हा नाही, वहिनी, आत्ता बोलताय. मला बरं वाटावं म्हणून."

"देवाशप्पथ!"

"मग दादालाच विचारतो." ते मालकांकडं वळले. "दादा, त्या दिवशी सकाळपासनंच त्रास होता का?"

मालकांना सगळं समजतं. त्यांनी माझ्याकडं बघितलं, चांगला बराच वेळ बघितलं. मग मान हलवली. नाही.

"बघा," भाऊजी म्हणाले आणि पुन्हा तेल घेतलं.

मालक विसरले, की माझी चूक झाकली, की जन्मभर हे माझ्या उरावर राहावं म्हणून तसं केलं? तेव्हापासनं मी त्यांचं तोंड न्याहाळतेय, काही कळत नाही. सोमवारी भाऊजी राजीनामा देऊन आले.