सभेआधी पाठवलेली बातमी

तेलीबांध्याला राहणारे एक प्राध्यापक मराठीत तत्त्वज्ञानावर लिहितात. चिकित्सक सिद्धांत, अस्तित्ववाद आणि लोकशाही हे त्यांचे विषय. रायपुरात हे मराठीतून वाचणारे किती, असं त्यांना कोणी विचारत नाही. उत्तर सगळ्यांना माहीत आहे.

त्यांच्या तिसऱ्या पुस्तकाची मुद्रितं मी तपासली. लोकशाहीच्या प्रकरणातला मुद्दा सरळ होता. जिथे सगळ्यांचं एकमत दिसतं, तिथे दुसरं मत मांडायला जागा होती का, हे आधी पाहावं. आणि गप्प बसलेल्या माणसाने नंतर हात झटकू नयेत, कारण गप्प बसणं त्यानेच निवडलेलं असतं. मी समासात लिहिलं, 'पूर्ण सहमत.' मुद्रितं तपासणाऱ्याने असं काही लिहायचं नसतं.

शंकर नगरातल्या आमच्या मराठी मंडळाच्या वार्षिक सभेची बातमी मीच देतो. सभा रविवारी चारला असते आणि हिंदी दैनिकाचं शहराचं पान पाचला छपाईला सुटतं. म्हणून बातमी मी सकाळीच पाठवतो: अध्यक्षांची पुन्हा बिनविरोध निवड. नाव आठवडाभर आधी चहावर ठरलेलं असल्याने तिच्यात कधी चूक निघाली नव्हती.

यंदा अध्यक्षांनी सांगितलं, की वाचनालयाची खोली पंडरी बाजारातल्या एका कापड व्यापाऱ्याला साड्यांच्या सेलसाठी कायमची द्यायचं ठरलं आहे. मागच्या रांगेत प्राध्यापक उठले.

"मी अध्यक्षपदासाठी उभा आहे."

"उभे तं दिसूनच राहिले सर," पुढून कोणी म्हणालं. "बसा आता, चहा थंडा होऊन राहिला."

"काहून सर? नाराज आहात काय आमच्यावर?" चिटणीस बाईंनी विचारलं.

"नाही. खोली वाचनालयाचीच राहावी, एवढंच."

"तिथं वाचते कोण? साड्या तरी लोक उघडून पाहतीन."

अध्यक्ष खरोखर दुखावले होते. "सर, पद पाहिजे होतं तं घरी यायचं होतं. मी देऊन टाकलं असतं."

"देऊ नका," प्राध्यापक म्हणाले. "मतं घ्या."

मतं कशी घेतात, हे कोणाला आठवेना. शेवटी हात वर करायचं ठरलं. अध्यक्षांसाठी हात मोजायची गरज पडली नाही. प्राध्यापकांसाठी एक हात वर झाला. तो त्यांचाच होता.

माझे दोन्ही हात मांडीवर होते. बातमी एव्हाना पानात लागली असेल, एवढंच माझ्या मनात होतं. आपल्याच हाताने ती खोटी कशी पाडायची? ती प्राध्यापकांच्या हाताने आधीच खोटी पडली होती, हे जिना उतरताना लक्षात आलं.

खाली ते थांबले होते. "मतदान झालं, एवढं बातमीत येऊ द्या."

मी लगेच दैनिकात फोन लावला. डेस्कवरची मुलगी मराठी घरातली. मराठी ऐकते, उत्तर हिंदीत देते. "दादा, पेज तो छूट गया। और हर साल यही तो रहता है।"

सोमवारी 'निर्विरोध' छापून आलं, मागच्या वर्षीच्या फोटोसह. खोलीत साड्याही लागल्या. मी खुलासा पाठवतो आहे, हे कळल्यावर अध्यक्षांचा फोन आला. "एका मतासाठी खुलासा? लोक म्हणतीन, मंडळात फूट आहे." तरी मी पाठवला. चूक दुरुस्त करायची, ही नोकरीतली सवय.

बुधवारी तो तीन ओळींत आला: अध्यक्षपदासाठी मतदान झाले, दुसऱ्या उमेदवाराला एक मत मिळाले.

सकाळीच प्राध्यापकांचा फोन आला.

"वाचला खुलासा. आकडा बरोबर आहे?"

"बरोबर आहे."

"एकच?"

"एकच."

"मुद्रितं माझ्यापाशी आहेत अजून," ते म्हणाले. "समासात तुमच्या अक्षरात 'पूर्ण सहमत' आहे. त्याचाही खुलासा येऊन राहिला काय?"