हरलेल्या अपिलाचे पेढे

मी दौंडची, वकिली केली शिरूरला, आणि तापट स्वभाव दोन्हीकडे सारखाच मिरवला. नव्वदच्या दशकात माझ्या सिनिअरांनी पहिल्यांदा एक अपील माझ्या एकटीच्या हाती दिलं तेव्हा मी चांगलीच फुशारले होते. कागद वाचले आणि कळलं, हे अपील हरणार हे शेंबड्या पोरानंही सांगितलं असतं. म्हणूनच ते माझ्याकडे आलं होतं.

पक्षकार निमोण्याचे एक चाचा. बांधावरून त्यांनी शेजारच्या आप्पांवर दावा लावला होता आणि शिरूरच्या कोर्टानं मोजणीचा नकाशा पाहून तो ‘खर्चासह’ फेटाळला होता, म्हणजे आप्पांचा कोर्टखर्चही चाचांनीच द्यायचा. बांध काही मिळत नाही, हे मी त्यांना तोंडावर सांगितलं. ते म्हणाले, जाऊ द्या. मग पुण्याला अपील कशाला, असं मी जरा चिडूनच विचारलं.

“वकीलबाई, बांध आपला हाय, हे अब्बा जाताना सांगून गेले. नुसतं हरलो तर अब्बांची चूक झाली म्हनायचं. पन खर्चासकट हरलो तर अब्बा खोटं बोलले, असं व्हतं. तेवढा शब्द काढा.”

गावात तसाच अर्थ घेत. हरलेला माणूस चारचौघांत बसू शके. खर्चासह हरलेला लबाड ठरे. कायद्याच्या पुस्तकात असलं काही नव्हतं. जिंकणाऱ्याला खर्च मिळतो, पण तो द्यायचा की माफ करायचा हे कोर्टानं ठरवायचं आणि माफ केला तर कारण लिहायचं, एवढंच. ते कारण मला शोधायचं होतं.

सुनावणीला चाचा आणि आप्पा एकाच एसटीत, एकाच बाकावर बसून निघाले. त्यांची रीतच तशी होती. जाताना तिकिटं आप्पा काढत, येताना चाचा. मी मागे बसून मुद्दे पाठ करत होते आणि हे दोघे कांद्याच्या रोपांवर गप्पा मारत होते. मला अस्सा राग आला!

कोर्टात मी बांधावर फार बोललेच नाही. खर्चावर आले तेव्हा समोरचे वकील म्हणाले, दोनदा हरणाऱ्याला सवलत कसली? न्यायाधीशांनी मला विचारलं, दावा प्रामाणिक होता कशावरून? पाठ केलेलं सगळं विसरले आणि चाचा मला जे बोलले होते तेच सांगून टाकलं. साहेबांनी पेन खाली ठेवून चाचांकडे पाहिलं.

मग तिथंच निकाल सांगितला. अपील फेटाळलं, पण वादीचा समज प्रामाणिक होता, सबब दोन्ही कोर्टांतला खर्च ज्याचा त्याने सोसावा. मी चाचांना अर्थ समजावला तेव्हा त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. कोर्टाचा जिना मी काळ्या कोटासकट दोन-दोन पायऱ्या टाकत उतरले.

परतीच्या एसटीत घोटाळा झाला. पाळी चाचांची, पण त्यांनी एकच तिकीट मागितलं. चाचा गंभीरपणे म्हणाले, “कोर्टाचा हुकूम हाय. ज्याचा त्यानं.” हा हुकूम एसटीला लागू नाही, हे पटवताना माझी हसून मुरकुंडी वळली. पटल्यावर त्यांनी माझंही तिकीट काढलं.

शिक्रापूरला ट्रकांच्या गर्दीत गाडी अडकली, तेवढ्यात चाचा उतरून पेढे घेऊन आले आणि अख्ख्या गाडीला वाटले. जिंकलो मी आन् पेढे ह्यो कसा वाटतो, म्हणून आप्पा चक्रावले. अब्बा खोटं बोलले नव्हते, हे कोर्टानं मान्य केलं, असं चाचांनी त्यांना सांगितलं.

आप्पा पेढा हातात धरून म्हणाले, “तुझं अब्बा खोटं बोलनारं मानूस न्हवतं. मला इचारलं असतंस तर मीच सांगितलं असतं.”

“मग खर्च कशाला मागितलास?”

“म्या कवा मागितला? वकिलानं लिवलं, म्या अंगठा दिला.”

दोघंही माझ्याकडे बघून हसायला लागले. मीही हसले, पण कान तापले होते. ‘दावा खर्चासह फेटाळावा’ ही ओळ मीसुद्धा प्रतिवादीच्या प्रत्येक कैफियतीच्या, म्हणजे लेखी उत्तराच्या, शेवटी कुणालाही न विचारता लिहीत आले होते. दुसऱ्या दिवसापासून मी पक्षकाराला आधी विचारू लागले.