कुंडीतला माईक

मराठी मंडळाच्या नाटकाला आठ दिवस राहिले होते आणि मस्कतच्या हॉलवाल्याने सांगितलं, चारपैकी एकच माईक चालू आहे. नाटक माझं. सगळे माझ्याकडे असे बघायला लागले, की जणू माईक मीच खाल्ले. मी मात्र मनातल्या मनात नाचत होते.

कारण वर्षभर माझ्या डोक्यात एक जर्मन पटकथाकार ठाण मांडून बसला होता. मस्कतमधल्याच कुरुम भागातल्या ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत मी त्याच्याबद्दलच वाचायचे. मूकपटांत त्याचं छान चाललं होतं, आणि अचानक चित्रपट बोलायला लागले. माईक अवजड, जागचा हलायचा नाही, म्हणून तो फुलांच्या कुंडीत लपवायचे. मग प्रत्येक पात्राला कुंडीपाशी आणायचं कसं? ते या बाबाने लिहायचं. त्याच्या पटकथेतला प्रियकर फुलं हुंगायला येई, सासरा चष्मा शोधत येई, भांडण तर हमखास कुंडीशीच पेटे. पुढे त्याला देश सोडून परक्या भाषेत लिहावं लागलं. ते वाचलं त्या दिवशी माझा डबा तसाच राहिला.

दोन दिवसांत मी अख्खं नाटक कुंडीभोवती फिरवलं.

कुंडी आणली आमच्या नायकाने. मस्कतजवळच्या बरका गावी शेतावर माळीकाम करणारा, मालवणकडचा, साठीला आलेला माणूस. आवाज इतका हळू की समोर बसूनही कान द्यावा लागे. नाटकात तो बायकोचं कधीच कौतुक न करणारा नवरा. शेवटी झारी घेऊन येतो आणि बायकोऐवजी झाडाला सांगतो, "आजची आमटी झकास झाली होती."

त्याची खरी बायको गावी. "वयनी, फोन लावून ठेवशात?" त्याने मला विचारलं. "तिका आयकूचा आसा. ती म्हणता, तुमी काय बोलतास ता माका कधी कळाकच नाय."

प्रयोगाला मी पहिल्या रांगेत फोन उंच धरून बसले. काय रंगलं होतं! तिसऱ्या प्रवेशात लोकांना कुंडीचं गुपित कळलं, आणि कोणी तिकडे वळलं की टाळ्या पडायला लागल्या. मी हसून हसून बेजार.

मग तो झारी घेऊन आला. तालमीत झारी रिकामी असायची. पण एसीत दोन दिवस ठेवलेलं झाड सुकलं होतं आणि ते त्याच्यातल्या माळ्याला बघवलं नाही. त्याने झारी भरून आणली होती, आणि ती सगळी ओतली.

फट्ट! माईक खलास.

त्याचे ओठ हलले. मलासुद्धा काही ऐकू आलं नाही. फोनमधून नुसतं "हॅलो? हॅलो?" मी उठले, स्टेजशी गेले आणि फोनच त्याच्या हातात दिला.

"आजची आमटी झकास झाली होती!" तो ओरडला. हॉल दणाणला. "आयकाक येता काय गो?"

"येता!" फोनचा स्पीकर चालू होता. "पण खंयची आमटी?"

तो गडबडला. माझ्याकडे बघितलं. पुढचं मी लिहिलंच नव्हतं.

"तुझ्या हातची," तो म्हणाला, तेवढ्याच मोठ्याने. "आतापर्यंतच्यो सगळ्यो."

मग ती म्हणाली, "परत एकदा बोला बघया."

पडदा पाडायची खूण मी द्यायची होती. मी दिली नाही.